ह.मु. लोणदरी

"राह्यता कुठं?" देवीलालबाबूंनी विचारलं.

"इथंच. लोणदरीत. जुन्या जिनामागं."

"ते तुम्ही म्हणता. कागद काय म्हणते?"

तहसील कचेरीच्या पुरवठा शाखेत सत्यशीला बनसोड चौथ्यांदा उभी होती आणि चौथ्यांदा तिला हेच विचारलं जात होतं. कागद म्हणत होता, खैरवाडी. कागद म्हणजे केशरी रेशन कार्ड. फेब्रुवारीत तिची बदली खैरवाडीच्या आरोग्य केंद्रातून लोणदरीच्या दवाखान्यात झाली. नवरा, मुलगी, कपाट, पाण्याचा पिंप, सगळं एका टेम्पोत बसून एकोणीस किलोमीटर आलं. रेशन कार्डही आलं, पण त्याच्यावरचा पत्ता तेवढा मागे राहिला.

मे महिन्यापर्यंत कोणाचं काही अडलं नाही. मग लेक, समीक्षा, बारावी झाली. तिला यवतमाळला नर्सिंगला जायचं होतं. त्या फॉर्मला रहिवासी दाखला हवा होता आणि रहिवासी दाखल्याला चालू पत्त्याचं रेशन कार्ड हवं होतं. फॉर्मची शेवटची तारीख होती तीस जून, शनिवार. आज बारा जून होती.

सत्यशीला रक्त तपासायची. बावीस वर्षं काचपट्टीवर थेंब पसरवून ती त्यात हिवतापाचे जंतू शोधत आली होती. प्रत्येक पट्टीवर ती नंबर, नाव आणि गाव लिहायची. पत्ता चुकला तर एकाचा हिवताप दुसऱ्याच्या घरी जातो आणि गोळ्या तिसराच खातो, हे तिनं डोळ्यांनी पाहिलं होतं. त्यामुळे पत्ता ही तिच्या लेखी गमतीची गोष्ट नव्हती. तिला राग आला की आवाज चढत नसे, अक्षर बारीक होत जाई. चौथा अर्ज तिनं इतक्या बारीक अक्षरात लिहिला होता की देवीलालबाबूंनी तो आधी जवळ धरला, मग लांब धरला आणि मग न वाचताच खाली ठेवला.

"लाइट बिल आहे का?"

"आहे. पण घरमालकाच्या नावाचं."

"मंग त्याची चिठ्ठी आणा."

"ते वारले. नऊ वर्षं झाली. लेक सुरतेला आहे."

"असं कसं? मेलेला माणूस बिल भरते आन् तुम्ही जित्या असून तुमच्या नावाचा एक कागद नाही?"

देवीलालबाबू हे मनापासून म्हणाले होते. त्यांच्या आवाजात कीव होती, आणि तीच जास्त लागली.

"तलाठ्याचा दाखला चालते," ते पुढे म्हणाले. "पण तलाठी पॅकेजात आहे."

त्या वर्षी सगळेच पॅकेजात होते. कापसाच्या पट्ट्यासाठी मदतीचं पॅकेज जाहीर झालं होतं आणि त्याच्या याद्या करायला कचेरी बाहेर पडली होती. माणसं जशी नागपुरात असतात किंवा सासरी असतात, तसे साहेब पॅकेजात असत. कधी येतील कोणी सांगत नसे. ज्यांच्या नावानं ते निघाले होते त्या गावांतही ते कोणाला दिसले नव्हते.

"अर्ज ठेवून जा," देवीलालबाबू म्हणाले. "कम्प्युटरवर चढवतो. आता सारं कम्प्युटरवर आहे."

अर्जाच्या डोक्यावर तिनं नेहमीच्या रीतीनं लिहिलं होतं: सत्यशीला धम्मरत्न बनसोड, रा. खैरवाडी, ह.मु. लोणदरी, जुन्या जिनामागे. ह.मु. म्हणजे हल्ली मुक्काम. आपल्याकडे पंचनाम्यापासून लग्नपत्रिकेपर्यंत सगळीकडे हे दोन ठिपके असतात. त्यांच्या डावीकडे माणसाचं गाव असतं आणि उजवीकडे पोट.

आठ दिवसांनी पोस्टमन घरी आला. तपकिरी लिफाफा, त्यावर सरकारी शिक्का. 'श्रीमती सत्यशीला धम्मरत्न बनसोड, जुन्या जिनामागे, लोणदरी.' एकही चूक नव्हती. सत्यशीलाला वाटलं, झालं काम. तिनं लिफाफा ब्लेडनं सरळ रेषेत कापला.

आत लिहिलं होतं, की मुख्याध्यापिका, लोणदरी, यांची पॅकेजच्या सर्वेक्षणासाठी नेमणूक करण्यात आली असून त्यांनी अठरा तारखेला सकाळी आठ वाजता हजर राहावं. कसूर केल्यास कारवाई होईल. आज वीस तारीख होती.

धम्मरत्न दारात बसून पंपाची मोटर उघडत होता. पूर्वी तो जिनात, म्हणजे कापसातली सरकी काढायच्या कारखान्यात, फिटर होता. दोन हंगामांपूर्वी जिन बंद पडलं. आता तिथल्या पत्र्याच्या पन्हळीत सरकी उगवली होती आणि धम्मरत्न लोकांच्या विहिरीवरचे पंप दुरुस्त करत होता. त्यानं पत्र वाचलं आणि हात पुसले.

"वा. बढती झाली तुह्यी."

"कायची बढती?"

"मुख्याध्यापिका झाली. आता घरात शिस्त येईन."

सत्यशीलानं पत्र खिडकीच्या उजेडात धरलं. पट्टी पाहावी तसं ते वरून खाली, डावीकडून उजवीकडे पाहिलं. तिसऱ्या ओळीत, नावापुढे कंसात इंग्रजीत 'एच.एम.' होतं. जंतू सापडला.

"हे पाहा," ती म्हणाली. "मी ह.मु. लिहिलं. त्यायच्या कम्प्युटरातली यादी इंग्रजीत असन. त्यायनं एच.एम. केलं. आन् एच.एम. म्हणजे हेडमास्तर."

धम्मरत्न हसायला लागला. हसता हसता त्याच्या हातातला नट मोटरीत पडला. सत्यशीला हसली नाही.

"हसू नका. कामाले जुंपाचं असलं का जिनामागचं घर सापडते त्यायले. पोस्टमन एका चकरीत येते. कार्डावर लिहाचं म्हटलं का तेच घर पुरथवीवर नाही."

दुसऱ्या दिवशी तिनं लिफाफा देवीलालबाबूंच्या टेबलावर ठेवला.

"हा घ्या पुरावा. तुमच्याच कचेरीचं पत्र. माझ्या नावानं, माझ्या पत्त्यावर आलं."

देवीलालबाबूंनी चष्मा लावला. "हे तं मुख्याध्यापिकेले आलं."

"हो."

"तुम्ही मुख्याध्यापिका आहे?"

"नाही. मी दवाखान्यात रक्त तपासते. तुम्हाला माहीत आहे. मागच्या महिन्यात तुमचंच तपासलं."

"मंग हे पत्र तुमचं नाही. दुसऱ्याचं पत्र पुरावा म्हणून कसं चालन?"

सत्यशीलानं एक श्वास घेतला. "ठीक. मग मी मुख्याध्यापिका नाही, हे दुरुस्त करा."

"करतो ना. दुरुस्तीचा अर्ज द्या. सोबत पत्त्याचा पुरावा लावा."

मागे रांगेत कोणीतरी खोकलं.

"आन् मॅडम," देवीलालबाबू आवाज खाली आणून म्हणाले, "ड्युटीले काहून नाही गेल्या? कारवाई होते."

"मी मुख्याध्यापिका नाही म्हणून."

"पण नाही, हे आमच्याकडं कुठं आहे? आमच्याकडं तं आहे, असंच आहे." त्यांनी भिंतीवरच्या छापील यादीकडे हनुवटी केली. तालुक्यातल्या मुख्याध्यापकांच्या यादीत सत्तेचाळिसाव्या नंबरवर तिचं नाव होतं. अंतर बरंच होतं, पण तिला जंतू वाचायची सवय होती.

तिच्या चेहऱ्याकडे पाहून देवीलालबाबूंना दया आली. माणूस वाईट नव्हता. वाईट असता तर तिला निदान भांडता आलं असतं.

"एक सांगू का? तलाठी नाही तं नाही. कोण्या मुख्याध्यापकाचा दाखला आणा, का ही बाई इथं राह्यते. तो चालते. फक्त त्याचं नाव आमच्या यादीत पाह्यजे."

लोणदरीच्या शाळेचे खरे मुख्याध्यापक पुंडलिकराव. दुसऱ्या सकाळी ती गेली तेव्हा ते फाटकाशी स्कूटर तिरपी करून किक मारत होते. पिशवीतून याद्यांची भेंडोळी बाहेर डोकावत होती.

"मॅडम, तुम्हाले कोण नाही ओळखत? माह्या नातवाले हिवताप निघाला तं तुम्हीच सांगतलं."

"मग दाखला द्या, सर. मी इथं राहते एवढाच."

"राह्यता हे मले माहीत आहे. पण घर कुठं पाह्यलं मी? न पाह्यता सही केली आन् उद्या कोणी विचारलं तं?"

"चला, दाखवते. पाच मिनिटांचा रस्ता आहे."

"आता?" पुंडलिकरावांनी घड्याळ पाहिलं. "आता तं पॅकेज आहे. जुलैत पाहू आपण. निवांत."

स्कूटर सुरू झाली आणि मुख्याध्यापक पॅकेजात गेले.

सत्यशीला घरी आली. तीस तारखेला आठ दिवस उरले होते. समीक्षानं फॉर्म, गुणपत्रिका आणि फोटो एका प्लास्टिकच्या पिशवीत घालून ती पिशवी देव्हारा असावा तशी बुद्धाच्या फोटोखाली ठेवली होती. पिशवीतला एक कप्पा रिकामा होता. सत्यशीलानं तो पाहिला, हातपाय धुतले, चहा घेतला आणि कोरा कागद पुढे ओढला.

राग तिच्या बोटांत उतरला होता. अक्षर मुंगीएवढं झालं.

'दाखला देण्यात येतो की, श्रीमती सत्यशीला धम्मरत्न बनसोड यांना मी जन्मापासून ओळखते. त्या फेब्रुवारीपासून लोणदरी येथे जुन्या जिनामागे राहतात. त्यांचे घर मी स्वतः आतून व बाहेरून पाहिले आहे. वरील माहिती माझ्या समजुतीप्रमाणे खरी आहे.'

खाली सही. सहीखाली: सत्यशीला धम्मरत्न बनसोड, ह.मु. लोणदरी.

तिनं कागद धम्मरत्नपुढे धरला. "यातलं एक तरी वाक्य खोटं आहे का, सांगा."

त्यानं दोनदा वाचला. "नाही."

"ह.मु.?"

"तेही खरं आहे." त्यानं कागद परत दिला. "तुले धरलं तं?"

"खरं लिहिल्याबद्दल धरलं तर धरू दे. आतापर्यंत खरं बोलल्याबद्दलच हाकललं ना?"

सोमवारी देवीलालबाबूंनी दाखला जवळ धरला, लांब धरला. या वेळी खाली ठेवता येत नव्हता, कारण सही पाहायची होती. त्यांनी तळाशी बोट ठेवलं आणि मग ते बोट भिंतीवरच्या यादीवरून खाली नेलं.

"सत्यशीला बनसोड, एच.एम., लोणदरी. आहे. सत्तेचाळीस नंबर." मग बोट थबकलं. "नाव तुमच्यासारखंच दिसते?"

"हो. सारखंच आहे."

"नातेवाईक आहे का? नातेवाईकाचा दाखला चालत नाही. आई, बहीण, लेक, सासू."

"आई नाही. बहीण नाही. लेक नाही. सासूही नाही."

"मंग हरकत नाही. गावात दोन-दोन सत्यशीला राह्यतातच." त्यांनी पुढे वाचलं. "जन्मापासून ओळखते. वा. लोक तीन वर्षं लिहिते फक्त. शिक्का काहून नाही?"

"ह.मु.ला शिक्का नसतो."

"हो, सुट्ट्यात शिक्का शाळेतच बंद असते," देवीलालबाबूंनी स्वतःच तिची सोय केली आणि आपला शिक्का शाईवर दाबला.

बुधवारी कार्ड मिळालं. शुक्रवारी रहिवासी दाखला मिळाला. शनिवारी समीक्षा पहाटेच्या एसटीनं यवतमाळला गेली आणि दुपारी परत येऊन म्हणाली, "आई, त्यायनं दाखल्याकडं पाह्यलं बी नाही. फाइलीत टाकून देला."

सत्यशीलाला वाटलं होतं, काम झालं की राग उतरेल. तो उतरला नाही. नुसता बसायला जागा शोधत राहिला.

पुढच्या मंगळवारी ती ड्युटीवरून आली तेव्हा दारात एक बाई बसली होती. पांढऱ्या केसांची, हातभर बांगड्या, मांडीवर कापडात गुंडाळलेलं कार्ड.

"मी जमनाबाई," ती म्हणाली. "जिनाच्या मांगच्या लाइनीत राह्यतो. तांडा सोडून सात वर्षं झाले. कार्ड अजून तांड्याचंच आहे."

"मग?"

"कचेरीतल्या बाबूनं सांगतलं, जिनामांगं एच.एम. मॅडम राह्यतात, त्यायची सही आणा. एका दिवसात काम होते म्हणे."

घरात धम्मरत्नचा पाना फरशीवर वाजला. तो बाहेर आला नाही. आत तो हसू दाबत होता.

"बाई, मी हेडमास्तर नाही," सत्यशीला म्हणाली. "रक्त तपासते मी दवाखान्यात. माझ्या सहीला काही अर्थ नाही."

"ते मले काय कळते? ते घेते म्हणे तुमची." जमनाबाई उठली नाही. "सात वर्षं झाले, मॅडम. दर महिन्यात तांड्यावर जातो राशन आनाले. एक दिवस जाते."

सत्यशीलानं तिच्याकडे पाहिलं. मग खिडकीतून मागच्या लाइनीकडे पाहिलं. तिनं खांद्यावरची पिशवी काढलीच नाही. आतलं पेन तपासलं.

"चला. घर दाखवा."

"घर?" जमनाबाई दचकली. "घर पाहाले येता?"

"न पाहता मी सही करत नाही."

मागच्या लाइनीतली चौथी खोली. दार, चूल, दोरीवर लुगडं, भिंतीला आरसा. सत्यशीला आत जाऊन आली, मागून फिरून आली, दारावरचा खडूचा नंबर तिनं उतरवून घेतला. शेजारच्या दोघीजणी आपापली कार्डं घेऊन उंबऱ्यावर उभ्या राहिल्या होत्या. सात वर्षांत या लाइनीत घर पाहायला कोणी आलं नव्हतं.

ती जमनाबाईच्या ओट्यावर बसून लिहू लागली. अक्षर नेहमीएवढं आलं, दुरून वाचता येईल असं. वर तारीख, वेळ, नाव, खोली चार. खाली सही.

जमनाबाईनं कागद उलटासुलटा पाहिला. वाचता येत नव्हतं, म्हणून सहीखालच्या दोन ठिपक्यांवर बोट ठेवलं.

"हे काय लिवलं, मॅडम?"

"ह.मु."

"म्हणजे?"

"हल्ली मुक्काम. म्हणजे आता इथं राहते, एवढंच."

"अस्सं." जमनाबाईनं कागदाची घडी घालून पोलक्यात ठेवली आणि उंबऱ्यावरच्या दोघींना आत बोलावत म्हणाली, "मंग तं आपून साऱ्याच हेडमास्तर आहो."