धाब्यावरचा ग्रीक

१९७२ सालच्या संक्रांतीचा दुसरा दिवस. स्थळ, श्रीरामपुरातली माझी ओसरी. हजर माणसं तीन: मी, माझी पत्नी आणि शेजारचे याकोब मास्तर. रक्कम म्हणाल तर आदल्या दिवशी सुगडांचे आठ आणे कुंभारणीला दिले होते आणि त्यातलं एक सुगड फुटलं होतं. मास्तरांनी कोपऱ्यात पडलेलं त्याचं खापर उचललं, उजेडात धरलं, उलटं करून पाहिलं आणि जिभेला लावलं. नुसतं टेकवलं नाही, चांगलं चाटलं. मग डोळे मिटून म्हणाले, "गोदावरीची माती."

"असणारच. कुंभारीण पुणतांब्याची आहे."

"तसं ती सांगते. संशय घ्यावा माणसानं, हिशेबनीस. खापरावर तर घ्यावाच."

पत्नी चहाचा ट्रे घेऊन दारातच थांबली होती. मास्तर गेल्यावर म्हणाली, "दिवस गेलेल्या बायकांना खापर खावंसं वाटतं हे माहीत आहे. ह्यांना या वयात कसले डोहाळे लागले?"

मी एका जिनिंग फॅक्टरीत हिशेब लिहितो. संशय हा माझ्या नोकरीचा भाग आहे. पण मास्तरांच्या संशयापुढे माझा संशय म्हणजे पोरखेळ. ते कुणाच्याही घरी गेले की आधी रांजणाकडे जात. "बूड दाखवा," म्हणत. बूड पाहिलं की मान हलवून "हे काही बरोबर दिसत नाही," असं पुटपुटत. घरच्या बाईला वाटे, रांजण गळतोय. मास्तरांना वाटत असे, तो ग्रीक आहे.

हे ग्रीक प्रकरण जुनं होतं. मास्तर मिशनच्या शाळेतून निवृत्त झालेले. तरुणपणी त्यांना पाळक व्हायचं होतं, त्यासाठी नवा करार मूळ भाषेतून वाचायला ते ग्रीक शिकले. पाळक व्हायचं राहिलं, ग्रीक राहिलं. पत्नी वारली होती. एकुलता एक मुलगा दाविद मालवाहू जहाजावर फिटर होता, आणि जहाजाचा मालक ग्रीक होता. मास्तर हे असं सांगत की जणू आपणच तो मालक शोधून काढलाय.

दोन हजार वर्षांपूर्वी ग्रीक व्यापारी आपल्या किनाऱ्याला उतरून घाट चढून पैठणपर्यंत येत, उंच रांजणांतून द्राक्षाची दारू आणत. हे मला मास्तरांकडूनच कळलं. मी म्हटलं, "मग शोधायचं काय राहिलं? हे तर पुस्तकात आहे."

"पुस्तकात ते आले एवढंच आहे. मला पाहायचंय, ते परत गेले का?"

"आता काय फरक पडतो?"

"तुमच्या वहीत नुसता जमेचा रकाना असला तर फरक पडत नाही का?"



परत गेले, असं त्यांचं ठाम मत होतं. पावसाळी वाऱ्यावर जहाज यायचं, हिवाळी वाऱ्यावर परत फिरायचं. "देवानं वाराच तसा ठेवलाय. माणसाच्या मनात नसलं तरी वारा त्याला घरी नेतो," असं ते वर्गात सांगावं तसं सांगत. कुणी दाविदची चौकशी केली तरी हेच वाऱ्याचं गणित ऐकावं लागे. "येईल. जहाजावरचा माणूस येतोच." दाविद येऊन बरीच वर्षं झाली होती. आता जहाजं इंजिनावर चालतात, हे त्यांना सांगायला कुणी धजत नसे.

आळीला मात्र ग्रीकांशी काही देणंघेणं नव्हतं. मास्तरांच्या अंगणात चुन्याच्या फक्कीने आखलेले चौकोन होते आणि प्रत्येक चौकोनात धुतलेली खापरं मांडलेली. खोदकामावरचे संशोधक असंच मांडतात म्हणे, जमिनीचा थर बदलला की चौकोन बदलायचा. समोरच्या दूधवाल्याला ते लिंबू नसलेलं लिंबूमिरचीचं प्रकरण वाटे. त्याच्या म्हशीचं दूध कमी झालं तेव्हा त्याने दोन दिवस त्या चौकोनांकडे पाठ करून धार काढली. इतरांचं म्हणणं, म्हातारा गुप्तधन शोधतोय. दर रविवारी उपासना आटोपली की भर उन्हात तपकिरी कोट घालून रिकामी पिशवी घेऊन हा माणूस पुणतांब्याच्या गाडीत बसतो आणि जड पिशवी घेऊन परत येतो, ते काय उगाच?

खरं सांगायचं तर मलाही ते पटेना. खापरासाठी माणूस कोट घालत नाही. कोटाला आतून खिसा असतो.

पुढच्या उन्हाळ्यात मास्तरांना एक मूठ सापडली. माणसाची नव्हे, रांजणाची. मनगटाएवढी जाड, वाकवलेली. त्यांनी ती चाटली आणि धावत माझ्याकडे आले. "ही माती आपली नाही! जिभेला चिकटतच नाही! बघा, लावून बघा!" मी नम्रपणे नकार दिला. त्यांनी पुण्याला पत्रांमागून पत्रं धाडली, आणि शेवटी जोगळेकर नावाचे एक संशोधक एका रविवारी पुणतांब्याला येतो म्हणाले. मास्तरांनी मला सोबत चला म्हटलं. मी लगेच हो म्हणालो. मूठ पाहायला नव्हे, तो खिसा पाहायला.

गाडीत त्यांनी मला खरी अडचण सांगितली. गोदावरीच्या काठी जुन्या वस्तीची टेकडी आहे, तिला गावात पांढरी म्हणतात. घरांच्या मातीच्या छपराला, म्हणजे धाब्याला, ही पांढरी माती फार चांगली. पाणी आत येऊ देत नाही. त्यामुळे पावसाळ्याआधी सगळा गाव तिथूनच गाड्या भरून माती नेतो आणि धाब्यावर टाकतो. मूठ जिथं सापडली तिथली माती सखाहरी नावाच्या शेतकऱ्याने आदल्याच आठवड्यात नेली होती. म्हणजे मुठीचा बाकीचा ग्रीक सखाहरीच्या डोक्यावर होता.

"दोन हजार वर्षांचा इतिहास उलटापालटा करून छपरावर पसरलाय त्यानं," मास्तर हळहळले. "खालचं वर, वरचं खाली."

आम्ही पोचलो तेव्हा सखाहरी धाब्यावरच होता. मास्तरांना पाहून वरूनच ओरडला, "आलं का मास्तर! आमच्या घरात चोरानं नजर टाकली नसंल एवढी तुमी टाकली."

"सखाहरी, माती चाळायची आहे. परत जशीच्या तशी पसरून देतो."

"आन सोनं निघालं तर?"

"सोनं तुझं."

"आन खापर?"

"खापर माझं."

 एवढा सरळ सौदा सखाहरीला पटेना. "लई सोपं बोलता तुमी," तो म्हणाला. "कायतरी हाय." मग त्याने बायकोला हाक मारली, "कौसे, तू बी वर ये. चार डोळं पायजेत."

तेवढ्यात जोगळेकर आले. चष्मा, खाकी अर्धी चड्डी, गळ्यात भिंग. सखाहरीने त्यांच्याकडे आणि मग माझ्याकडे पाहिलं. "हे भिंगवालं सोनार दिसत्यात. आन तुमी कोन?"

"हिशेबनीस."

"बगा! हिशेबनीस बी आनलाय," तो बायकोला म्हणाला. "आन म्हनं खापर."

मास्तर धाब्यावर गुडघ्यांवर बसून ओंजळीओंजळीने माती चाळू लागले. शेजारी कौसाबाई, समोर सखाहरी, आणि शिडीच्या वरच्या पायरीवर मी. इतका कडक पहारा बँकेतही नसतो. बारीकसारीक खापरं निघत होती, मास्तर चाटत होते, टाकत होते. कौसाबाई एकदा नवऱ्याला म्हणाली, "समदी माती हेच खात्याल, तर पावसात आपुन काय करायचं?" सखाहरी हसला आणि तंबाखू मळायला वळला. कौसाबाईही पदर सारखा करायला क्षणभर वळली.

तेव्हाच मास्तरांच्या हाताला काहीतरी लागलं. हाताच्या तळव्यात मावेल एवढं, गोल, पुढे चोच. त्यांनी ते जिभेला लावलं. एकदा, पुन्हा एकदा. मग "हे काही बरोबर दिसत नाही" असं नेहमीचं न म्हणता त्यांनी कोट उघडला आणि ती वस्तू आतल्या खिशात घातली.

मी शिडीवरून सगळं पाहिलं. इतके दिवस मी ज्याची वाट पाहत होतो तेच हे, आणि ते पाहून मला अजिबात बरं वाटलं नाही.

खाली अंगणात जोगळेकरांनी मूठ भिंगाखाली धरली होती. त्यांचा चेहरा फुलला. "मास्तर, मूठ बाहेरचीच! तुमची जीभ बरोबर होती. इतक्या आत या नदीकाठी... मोठी गोष्ट आहे."

"म्हंजी सोनं न्हाई?" सखाहरी म्हणाला.

"सोन्यापेक्षा मोठं आहे हो."

"मग त्येचं वजन करा की!"

सगळे हसले. मास्तर हसले नाहीत. ज्या वाक्यासाठी त्यांनी इतकी वर्षं माती चाटली ते वाक्य कुणीतरी बोललं होतं, आणि ते खाटेवर कोटाची बटणं लावून बसले होते. मी त्यांना गोठ्याच्या बाजूला नेलं.

"मास्तर, खिशात काय आहे?"

"तुम्ही पाहिलंत."

"पाहिलं."

"मग विचारता कशाला?" असं म्हणून ते बैलाकडे वळले. "दिवा आहे. घडण तिकडची. अशी चोच, असा तोंडाजवळचा कंगोरा आपल्याकडं कुणी करत नाही."

"मग लपवता का? ही तर आनंदाची गोष्ट."

"माती आपली आहे, हिशेबनीस. गोदावरीची." ते इतकं हळू बोलले की मला वाकावं लागलं. "तिकडून आणलेला असता तर माती तिकडची असती. त्याचा आणलेला दिवा कधीतरी फुटला. मग त्यानं इथल्या कुंभाराजवळ बसून, हातानं दाखवून, अगदी आपल्या घरच्यासारखा दुसरा करून घेतला. चार महिन्यांसाठी आलेला माणूस एवढं करत नाही."

  मास्तरांनीच कोटाची बटणं काढली, अंगणात गेले आणि दिवा जोगळेकरांपुढे ठेवला.

जोगळेकरांनी तो उलटसुलट पाहिला, भिंग लावलं, आणि ते जपून बोलू लागले. "चांगला आहे. पण एका दिव्यावरून काही म्हणता येणार नाही, मास्तर. इथल्या कुंभारानं नक्कल करून बाजारात विकलाही असेल. त्यावरून माणूस राहिला असं होत नाही."

मास्तरांची सुटका झाली होती. आता मान हलवली की पुरे. सखाहरीनेही त्यांना जोर दिला, "व्हय, नक्कल आसंल. आमच्या बाजारात समदं नकलीच."

मास्तरांनी दिवा हातात घेतला आणि बोट चोचीवरून फिरवलं. "नाही. काजळी बघा. थर किती आहेत. वर्षानुवर्षं लावलाय. हा विकायचा नव्हे, घरातला आहे." बोट काळं झालं होतं. ते त्यांनी कोटाला पुसलं. "लिहून घ्या साहेब. राहिला तो इथं."

"शक्यता म्हणून लिहितो."

"हं. शक्यता म्हणून लिहा." मग ते म्हणाले, "तिकडं त्याच्या घरी कुणाला कळलं असेल का हो?"

जोगळेकर लिहिता लिहिता म्हणाले, "ते कळायला आपल्याकडं काही साधन नाही."

कौसाबाई मात्र मास्तरांकडे पाहत होती. ती आत गेली, तांब्याभर पाणी घेऊन आली आणि म्हणाली, "दादा, त्वांड धुवा. माती लागलीया."

स्टेशनवर आम्ही गाडीची वाट पाहत उभे होतो.  मास्तर आपणहून म्हणाले, "दाविदनं तिकडं घर घेतलंय. पिरियसला, ग्रीसच्या बंदरात. नाताळात कळवलं." आणि थोड्या वेळानं, "बायको तिकडचीच आहे. मुलगी झालीय त्यांना."

मी तिकीट खिडकीपाशी गेलो आणि श्रीरामपूरच्या दोन तिकिटांचे पैसे बाबूला दिले.