यंदा जांभळं बरी हायत

एका जंगलात एक विद्यापीठ होतं. हसू नका, बाळांनो. माणसांच्या गावात असतं, मग जंगलाने काय घोडं मारलंय?

त्या विद्यापीठात टोकेकर नावाचा एक सुतारपक्षी पीएचडी करत होता. विषय भारदस्त होता: 'संघर्षग्रस्त प्रदेशातील प्राण्यांच्या मनावरील आघात'. टोकेकर स्वतः पेरूच्या बागेत वाढलेला. त्याच्या आयुष्यातला आघात म्हणजे एकदा गोफणीचा दगड कानाजवळून गेला होता, आणि तोही पोपटाला मारलेला. पण चोच तेज होती. कुठल्याही झाडाच्या सालीखाली काहीतरी असतंच, आणि टोचत राहिलं की ते निघतं, असा त्याचा अनुभव होता. त्यालाच तो संशोधनपद्धती म्हणायचा.

गाईड म्हणून त्याला घुबडबाई मिळाल्या होत्या. हा जागा असायचा तेव्हा बाई झोपलेल्या, आणि बाई जाग्या व्हायच्या तेव्हा हा झोपलेला. त्यामुळे दोघांचे संबंध उत्तम होते.

आता परक्या मुलखात जाऊन दुखावलेल्यांना प्रश्न विचारायचे, तर नैतिकता समितीची परवानगी लागते. समितीची अध्यक्ष होती मगर.

"तुझ्यामुळे कोणाला इजा होणार नाही ना?" मगरीने विचारलं.

"छे हो, मी नुसते प्रश्न विचारणार."

हे ऐकून मगरीचे डोळे भरून आले आणि प्रस्ताव मंजूर झाला.

मग टोकेकर उडत उडत एका लांबच्या डोंगरात गेला. तिथे रानडुकरं आणि साळिंदरं यांची लढाई पेटल्याचं त्याने ऐकलं होतं. दोघांनाही जमिनीतले कंद लागतात आणि कंदांचा उतार एकच. दोन्हीकडचे पुष्कळ मेले होते. पण टोकेकर पोचला तेव्हा बघतो तर काय, लढाई संपलेली. ओढ्याच्या या काठाला साळिंदरं पाणी पीत होती, त्या काठाला डुकरं.

टोकेकर हिरमुसला. आपण एक पावसाळा आधी यायला हवं होतं, असं त्याला वाटलं. मग असं वाटल्याची लाज वाटली. मग प्रबंध द्यायची तारीख आठवली आणि लाज गेली.

ओढ्याकाठी एक जांभूळ होतं. त्याच्या बुंध्याशी गोजरा नावाची म्हातारी साळू, म्हणजे साळिंदरीण, राहायची. लढाईत तिचा थोरला मुलगा गेला होता, हे सगळ्या डोंगराला माहीत होतं. राहिला होता धाकटा, मुऱ्हा. तो तापट होता. गोजरा त्याला नजरेआड होऊ द्यायची नाही.

टोकेकरने तिच्यापुढे एक पान ठेवलं. "मावशी, यावर पाय उमटवा. ही तुमची संमती."

"कशापायी?"

"म्हणजे तुम्हाला त्रास झाला तर तो तुमच्या मर्जीने झाला, असं होतं."

"बरं हाय की," गोजरा म्हणाली आणि तिने पाय उमटवला. पाहुण्याला नाही म्हणायची तिथे रीत नव्हती.

"आता सांगा. लढाईत तुमचं काय नुकसान झालं?"

गोजराने वर फांद्यांकडे पाहिलं. "यंदा जांभळं बरी हायत," ती म्हणाली.

टोकेकरला वाटलं, म्हातारीला ऐकू कमी येतं. त्याने दुसऱ्या साळूला विचारलं. ती म्हणाली, यंदा जांभळं बरी हायत. पलीकडे जाऊन एका डुकराला विचारलं. तो म्हणाला, "व्हय, गेल्या सालापरीस बरी," आणि चिखलात लोळायला गेला.

बाळांनो, त्या वाक्याची गोष्ट अशी. लढाईला दोन्ही बाजू विटल्या, तेव्हा उरलेसुरले जांभळाखाली येऊन बसले. जे ओठांवर येत होतं ते बोलावं, तर पुन्हा सुळे आणि काटे. तेव्हा गोजरा म्हणाली, यंदा जांभळं बरी हायत. समोर भिवाजी नावाचा जुना डुक्कर बसला होता. तो म्हणाला, व्हय, गेल्या सालापरीस बरी. त्यावर सगळे घरी गेले. तेव्हापासून रीतच पडली. जुना विषय जिभेवर आला की या बाजूने जांभळं काढायची आणि त्या बाजूने दुजोरा द्यायचा. झाडावर एक जांभूळ नसलं तरी.

टोकेकरने डोंगरभर सगळं विचारलं, तेवढं हे विचारायचं राहिलं. त्याने पारव्याकरवी बाईंना निरोप धाडला: 'प्रतिसादक विषय टाळतात. हा बहुधा आघाताचाच परिणाम असावा.' बाईंचं उत्तर आलं: 'उत्तम निरीक्षण. पण यावर पदवी मिळत नाही. खरं बोलणारा एक तरी शोध.'

टोकेकर गोजराच्या झाडावर मुक्काम टाकून राहिला. रोज तिच्याशी गप्पा मारू लागला. याला विश्वास संपादन करणं म्हणतात आणि त्यावर विद्यापीठात एक अख्खा तास असतो. गोजरा त्याच्यासाठी वाळवी लागलेली लाकडं बुंध्याशी आणून ठेवायची. "खा रं पाखरा, नुस्ती चोच राहिलीया तुझी," म्हणायची. टोकेकर खायचा, आणि खाताना त्याला आपण फार साधे, लोकांत मिसळणारे आहोत असं वाटायचं.

एका दुपारी मुऱ्हा कंद उकरायला गेला होता. दोघंच होती.

"मावशी, थोरल्याला काय आवडायचं?" टोकेकरने विचारलं.

खोटं कशाला बोलू, त्या घडीला तो संशोधन करत नव्हता. त्याला खरंच जाणून घ्यायचं होतं. म्हणून तर गोजराला जांभळं सुचली नाहीत.

"गाणी म्हणायचा," ती म्हणाली. "बेसूर. निस्ता कान किटवायचा." मग ती रडायला लागली. "भिवाजीच्या सुळ्यानं गेला. म्या डोळ्यांनी बघितलं. मुऱ्ह्याला ठावं न्हाई. कळलं तर त्यो ओढ्यापल्याड जाईल आन् परत यायचा न्हाई. म्हून मी त्या भिवाजीसंगट रोज जांभळाचं बोलती. तू कुठं बोलू नगंस, लेकरा."

"तुमचं नाव गुप्त राहील, मावशी," टोकेकर म्हणाला.

त्याला खरंच वाईट वाटलं होतं. आणि त्या वाईट वाटण्याच्या खाली कुठेतरी त्याला आनंद झाला होता. खरं बोलणारं एक मिळालं. त्या आनंदाची त्याला शिसारी आली, पण आनंद काही गेला नाही.

पारवा निरोप घेऊन आला: 'शाब्बास. पण एका बाजूचं ऐकून चालत नाही. दुसऱ्या बाजूने पडताळून घे.'

टोकेकर पलीकडे गेला. भिवाजी चिखलात पडला होता. आजूबाजूला चार-दोन तरणी डुकरं लोळत होती.

"काका, कंदांवरून झालेल्या त्या लढाईबद्दल विचारायचं होतं."

"यंदा जांभळं बरी हायत," भिवाजी म्हणाला. डुकरांनाही ते वाक्य चालायचं.

"ते झालंच. पण एक साळू आहे. नाव सांगणार नाही, संशोधनाची काही नीती असते. तिचा थोरला मुलगा बेसूर गाणी म्हणायचा. तो तुमच्या सुळ्याने गेला, असं तिचं म्हणणं आहे. तर तुम्हाला आज काय वाटतं?"

भिवाजी चिखलातून उठून बसला. मग म्हणाला, "तसा एकच गात हुता."

तरणी डुकरं लोळायची थांबली. एक म्हणाला, "म्हंजी तिकडं नावं घ्याया लागली. आज नाव घेतलं, उद्या अंगावर येतील."

"आरं, तसं काय न्हाई," भिवाजी म्हणाला, पण ती उठून गेली होती. संध्याकाळपर्यंत बोलणं ओढा ओलांडून मुऱ्ह्याच्या कानावर पोचलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी सगळे पाण्यावर आले. या काठाला मुऱ्हा काटे फुलवून उभा होता. त्या काठाला भिवाजी, आणि त्याला मागे लोटून तरणी डुकरं. गोजरा दोघांच्या मधे पाण्यात उतरली.

"यंदा जांभळं बरी हायत," ती म्हणाली.

पलीकडून कोणी काही बोललं नाही. भिवाजीने तोंड उघडलं होतं, पण पोरांनी त्याला बोलू दिलं नाही.

"भिवाजी, यंदा जांभळं बरी हायत न्हवं?" ती पुन्हा म्हणाली.

तेव्हा कुठे टोकेकरला ते वाक्य काय आहे ते कळलं. उत्तर त्याला येत होतं. त्याने फांदीवरून ते म्हटलंही. पण सुतारपक्ष्याने म्हणून त्याचा काय उपयोग? ते डुकराने म्हणायचं होतं.

मुऱ्हा आईला वळसा घालून ओढ्यात घुसला.

इतक्यात पारवा धापा टाकत आला. 'परिस्थिती चिघळल्याचं कळलं. तुझी सुरक्षितता आमच्यासाठी सर्वांत महत्त्वाची आहे. ताबडतोब निघ.' टोकेकरला पंख होते. तो निघाला. वरून त्याला मुऱ्हा ओढ्यात उतरलेला दिसला. वर आलेला दिसला नाही. गोजराची हाक मात्र बऱ्याच लांबपर्यंत ऐकू येत होती.

प्रबंध उत्तम झाला. त्यात गोजराचं नाव कुठेही नव्हतं. लढाई पुन्हा पेटल्यामुळे विषयाचं महत्त्वही वाढलं होतं. तोंडी परीक्षेला दिवस थंडीचे होते, जांभळाच्या झाडाला मोहोरसुद्धा नव्हता. अध्यक्ष इथेही मगरच होती. घुबडबाई झोपल्या होत्या. सगळे प्रश्न झाल्यावर कोपऱ्यातल्या एका बगळ्याने सहज विचारलं, "त्या तुमच्या मुख्य प्रतिसादक बाई. त्यांचं पुढे काय झालं?"

टोकेकरने चोच उघडली. कधी नव्हे ते त्याला काही टोचता येईना.

"यंदा जांभळं बरी हायत," तो म्हणाला.

आणि तो थांबला. पुढचं वाक्य कोणीतरी म्हणेल म्हणून वाट बघत राहिला. तिथे ते कोणालाच येत नव्हतं. मगरीने डोळे पुसले आणि त्याला पदवी जाहीर केली.

तात्पर्य: दुसऱ्याच्या जखमेची खपली काढण्यापूर्वी त्याची लेखी संमती जरूर घ्यावी. म्हणजे मग जे रक्त येतं, ते नियमाला धरून येतं.