संशयपंतांच्या तीन पोथ्या आणि देवाचा उजवा कौल

श्रीगजानन प्रसन्न असो, वाचणारा निरोगी असो, आणि ऐकता ऐकता पेंगणारास कोणी जागे न करो. शके सोळाशे बहात्तर, प्रमोदनाम संवत्सरे, फाल्गुनमासी एका राज्यात जे वर्तले ते येणेप्रमाणे. राज्याचे नाव विचारू नये, शेजारचे हसतात.

त्या राज्यी गिरमाजीपंत म्हणून थोर विद्वान होते. त्यांस प्रत्येक गोष्टीची शंका, सबब रयत त्यांस संशयपंत म्हणे. त्यांनी वीस वर्षे खपून तीन पोथ्या सिद्ध केल्या. पहिलीत लिहिले की, देव कसा आहे हे सांगणारे पुष्कळ, पाहिलेला एकही भेटला नाही. दुसरीत लिहिले की, माणूस भले करितो ते नरकाच्या भयाने नव्हे, दुसऱ्याचे दुःख पाहवत नाही म्हणून. आणि तिसरीत लिहिले की, कोंबडे झाकले म्हणून तांबडे फुटायचे राहत नाही हे सर्वांस ठाऊक, परंतु झाकून पाहिले कोणी? हे ऐकोन राजपुरोहित हेरंबशास्त्री संतापले आणि दरबारात येऊन गर्जले, "महाराज, भय गेले तर रयत उद्या एकमेकांच्या म्हशी सोडून नेईल! पोथ्या जाळा आणि पंतांस सीमेपार घाला!" महाराज दोघांही विद्वानांस भीत असत, म्हणोन वदले, "देवासच विचारू." मग रिवाजाप्रमाणे कौल लावण्याचे ठरले. कौल तो असा की, गुरवाने देवाच्या दोन्ही खांद्यांस ओली पाकळी चिकटवावी. देवाची उजवी आधी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. प्रश्न ठरला, पोथ्या राखाव्या काय?

मग महाराज, राणीसाहेब आणि सारा गाव देवळात लोटला आणि धाकू गुरवाने पाकळ्या लाविल्या आणि पंतांनी तिन्ही पोथ्या पोटाशी धरिल्या. वीस वर्षांचे कष्ट एका पाकळीवर आले. घटकाभराने उजवी पाकळी पडली. रयतेने जयजयकार केला आणि महाराजांनी सुटकेचा निःश्वास टाकिला. आणि पंत काय वदले? "महाराज, पाकळ्या सारख्याच ओल्या होत्या काय, हे गुरवास विचारावे." आम्हास येथे पंतांचा फार राग येतो. गप्प बसते तर काय बिघडत होते?

तो धाकूने महाराजांचे पाय धरिले. "चुकलो सरकार! एक पाकळी म्या मुद्दाम सैल लावली. माझी म्हस आजारी होती तवा पंतांनी तीन दिस बसून तिला पेज पाजली. त्यांचं वाईट बघवंना. देवानं काय ती शिक्षा द्यावी!" शास्त्रीबोवा उसळले, "लबाडी! कौल रद्द! आणा विस्तव!" महाराजांनी विचारिले, "कोणती सैल लाविलीस, दाखव." धाकूने देवाकडे तोंड करून आपला उजवा हात उचलिला. तो राणीसाहेब वदल्या, "अरे, समोरून ती तर देवाची डावी!"

धाकूने आपल्याच थोबाडीत मारून घेतली. भयाने त्याची बाजू चुकली होती, आणि सैल लाविलेली पाकळी अजून देवाच्या डाव्या खांद्यास तशीच होती. सारे पंतांकडे पाहू लागले. पंतांनी लेखणी मागितली आणि तिसऱ्या पोथीच्या शेवटी लिहिले, "आज सैल पाकळी राहिली आणि घट्ट पडली. कारण ठाऊक नाही." शास्त्रीबोवांनी वाचिले आणि वदले, "पंत, वीस वर्षांत हे एक वाक्य खरे लिहिलेत." पंत वदले, "शास्त्रीबोवा, तिन्ही पोथ्यांत दुसरे काही नाहीच." यावर प्रथम राणीसाहेब हसल्या, मग महाराज, आणि शेवटी नाइलाजाने शास्त्रीबोवा.

सारांश, पोथ्या राहिल्या, पंत राहिले, धाकूस क्षमा झाली. शास्त्रीबोवा रोज पंतांच्या ओसरीवर भांडावयास जातात, आणि वाचल्यावाचून भांडता येत नाही म्हणून पोथ्या वाचितात. म्हशी ज्याच्या त्याच्या गोठ्यात आहेत. पंत मात्र दर सोमवारी देवळात दिसतात. दर्शनास काय, असे विचारिले तर म्हणतात, छे, पाकळी पाहावयास. आणि निघताना, कोणी पाहत नाहीसे बघून, हात जोडितात.