मरून आल्यावर आंघोळ

दिगूभाऊ शूटिंगहून परतले की सुभद्रावहिनी आपल्या नवऱ्याला उंबऱ्याबाहेरच अडवत. "मरून आलात का?" भाऊंनी मान खाली घातली की समजायचं, मेले. मग अंगणातल्या दगडावर बसवून डोक्यावर दोन घागरी. मयतीहून आलेला माणूस आंघोळीशिवाय घरात येत नाही, आणि हा तर स्वतःच मयत.

आमचे हे शेजारी सारखे मरत. नाटकात त्यांनी राजा, हवालदार, वेडा, सासू, सगळं केलं होतं. सासू तर इतकी झकास, की प्रयोग संपल्यावर बायका त्यांच्याकडे आपापल्या सुनांची गाऱ्हाणी घेऊन आल्या. सिनेमावाल्यांना मात्र त्यांच्यात फक्त मढं दिसलं. मध्यंतराच्या आत गोळी, साप नाहीतर विहीर. भाऊंना त्याचा कोण अभिमान. "कंच्या टायपाचं मरण पायजे, बोला," असं ते दिग्दर्शकालाच विचारत. लातूर जिल्हा झाला तेव्हा त्यांनी गल्लीत पेढे वाटले. "कालपर्यंत तालुक्याचं मढं होतो, आता जिल्ह्याचं झालो."

वहिनी सिनेमाला येत, पण भाऊंची वेळ भरत आली की उठून बाहेर पायरीवर जाऊन बसत.

"अहो, खोटं असतंय ते," मी एकदा म्हणालो.

"मरण खोटं असंल, भाऊजी. माणूस तर माझाच हाय की."

मग एका साली पावसानं दडी मारली. टँकरची वाट बघून गल्लीचे डोळे शिणले, आणि अशात भाऊ एकाच आठवड्यात दोनदा मेले. चार घागरी गेल्या. शेवटी गल्लीनं मारुतीच्या पारावर बैठक घेऊन एकमतानं ठराव केला, की दुष्काळ सरेपर्यंत भाऊंनी मरू नये.

तेवढ्यात औशाकडे दुष्काळाचाच सिनेमा निघाला. भाऊंना म्हाताऱ्याचं काम आलं. पानभर संवाद, आयुष्यात पहिल्यांदाच, आणि शेवटी पाण्यावाचून तडफडून मरण. भाऊ म्हणाले, "मरायचं तेवढं काढा." दिग्दर्शक म्हणाला, मग टँकरचा ड्रायव्हर हो, बोलायचं काही नाही. भाऊंनी तेच घेतलं.

"येडे झालात का?" मी चिडलोच.

"पाणी वाचवायलोय," भाऊ म्हणाले. मला ते पटलं.

सिनेमा लागला तेव्हा मी त्या दोघांच्या मागच्या खुर्चीत होतो. पडद्यावर भाऊंनी टँकर आणून उभा केला. वहिनी सवयीनं पदर सावरत उठल्या. भाऊंनी त्यांचा हात धरला.

"बस की. आज न्हाई मरत मी."

"शेवटपर्यंत?"

"शेवटपर्यंत. तुझ्यासाठीच घेतलंय हे काम."

वहिनी बसल्या.  पडद्यावरचे भाऊ गाडीत चढले आणि टँकर धूळ उडवत लांब जाऊ लागला.

"आता कुठं निघालात?" वहिनींनी पडद्यावरची नजर न काढता विचारलं.

"घराकडंच की," शेजारून भाऊ म्हणाले.