कारभारी आबांची एकच गैरहजेरी

कोर्टात कुणाचंही नाव पुकारलं की कारभारी आबा ताडकन उभे राहायचे.

"आबा, तुमचं नाव नाही घेतलं," मी म्हणायचो.

"आसू द्या. माणूस बाहीर लघवीला गेलेला आसंल तर सांगाया कुणी नको का?"

आणि व्हरांड्यात जाऊन त्या पक्षकाराला हुडकून आणायचे. एकदा तर चहा पीत उभ्या असलेल्या एका वकिलालाच त्यांनी कपासकट आत आणलं.

आबा करमाडचे, माझे अशील. त्यांच्या शेताची वाट थोरल्या भावाच्या, किसनदादांच्या रानातून जायची. दादांनी ती अडवली. आबा खालच्या कोर्टात हरले आणि अपील घेऊन आमच्या जिल्हा कोर्टात आले. तेव्हापासून एकही तारीख त्यांनी चुकवली नव्हती. परीटघडीचं धोतर, कडक टोपी, जणू लग्नालाच निघालेत. "हजर तो वजीर, वकीलसाहेब!" हे त्यांचं ब्रीद.

त्या भरवशावरच एका तारखेला मी दुसऱ्या कोर्टात उलटतपासणी घेत राहिलो. पुकारा झाला की आबा मला बोलवायला धावत यायचे, हा आमचा रिवाज. त्या दिवशी कुणीच आलं नाही. मी धापा टाकत पोचलो, तोवर तीनदा पुकारा होऊन अपील गैरहजेरीत खारीज झालं होतं.

दुसऱ्या दिवशी आबा उगवले.

"कुठं होतात?"

"कामात."

"कसलं काम?"

"हुतं एक."

खारीज झालेलं अपील पुन्हा चालवायचं तर महिन्याच्या आत अर्ज हवा आणि गैरहजेरीचं सबळ कारण हवं. माझी चूक मी लिहून दिली. आबा मात्र तोंड उघडेनात.

"आबा, वाट कायमची जाईल!"

"लिवा की, माणूस कामात हुता."

सुनावणीला समोरच्या वकिलानं आम्हाला चांगलंच धुतलं. न्यायाधीशबाईंनी चष्म्यावरून आबांकडे पाहिलं. "रोज तुम्ही दुसऱ्यांना हजर करता. मग स्वतः कुठं होतात?"

तेवढ्यात मागच्या बाकावरून किसनदादा उठले. त्यांचा वकील 'बसा, बसा' खुणावत होता.

"बाईसाहेब, ह्यो माझ्यापाशी हुता."

दोघं एकाच बसनं तारखेला यायचे, एक पुढं, एक मागं, शब्दाविना. त्या दिवशी वाटेत शेंद्र्याजवळ दादांना भोवळ आली. आबांनी बस थांबवली, दादांना पाठुंगळी घेऊन दवाखाना गाठला आणि सलाईन संपेपर्यंत उशाशी बसून राहिले.

"माझ्या इरुद्धचं अपील माझ्यापायीच बुडालं," दादा म्हणाले. "आता गप बसलो तर मेल्यावर आई-बापाला काय तोंड दावू?"

बाईंनी समोरच्या वकिलाला विचारलं, "काही हरकत?"

त्यानं अशिलाकडे पाहिलं आणि मान हलवली. "नाही."

अर्ज मंजूर! अपील पुन्हा नंबरावर! आबांनी आजवर आत आणलेल्या निम्म्या पक्षकारांनी व्हरांड्यात टाळ्या पिटल्या. "शांत, शांत" म्हणणारा शिपाईही हसत होता. मी तर निवडणूक जिंकल्यासारखा छाती काढून बाहेर आलो.

"हे आधीच का नाही सांगितलं?" मी आबांना विचारलं.

"दादाला भोवळ आली ते त्याच्या पोरांना कळलं आसतं. मंग त्यांनी त्याला तारखेला येऊच दिलं नसतं."

"तर बरंच की आपल्याला!"

आबांनी टोपी काढली, उगाच झटकली.

"घरं तुटली, वकीलसाहेब. लग्नाकार्यालाबी बोलावणं नाय. तारखेलाच तेवढा दादा दिसतो. बोलत नाय, पर दिसतो."

फाटकाशी थांबलेल्या दादांनी मागं वळून हाक मारली.

"कारभाऱ्या, चल की! बस जाईल."

साठी उलटलेले आबा माझा निरोपही न घेता पायऱ्या उतरून पळत सुटले.