पॉपेटच्या टाचण्या

शनिवारी सकाळी पोह्यांवर लिंबू पिळता पिळता प्रमोदिनीबाईंनी सहज विचारलं, "काय गं स्वप्नाली, ही शेजारची डोरीन आपल्या ऊर्मीला सारखी पॉपेट, पॉपेट म्हणते. म्हणजे काय असतं ते?"

"काही नाही गं आई, लाडाचं नाव आहे. आपण चिमणी, ठमाबाई म्हणतो ना, तसं," स्वप्नाली म्हणाली आणि लेकीच्या तोंडात मऊ भात भरवायला लागली.

विषय इथं संपला होता. चांगला गोडीगुलाबीनं संपला होता. पण टेबलाच्या तिसऱ्या बाजूला तिचा नवरा जयदीप बसला होता. (संपलेला विषय उकरून काढणं हा त्याचा आवडता व्यायाम. दुसरा कुठला व्यायाम तो करत नसे.)

त्याचीही बाजू ऐकून घ्या. सासूबाई नागपूरहून कॅनडातल्या सस्काटूनला आल्याला चार महिने झाले होते आणि एवढ्या काळात जावयाचं म्हणून जे काही इम्प्रेशन पडायला हवं, ते पडलंच नव्हतं. एअरपोर्टवर पहिल्याच दिवशी त्यानं त्यांची बॅग हुबेहूब दिसणाऱ्या दुसऱ्याच्याच गाडीत चढवली होती. नंतर ड्राइव्हवे शोव्हल करताना सगळा बर्फ त्यानं नेमका स्वतःच्याच गाडीमागे रचला होता. दर वेळी सासूबाई म्हणायच्या, "असू द्या हो जावईबुवा." त्या तीस वर्षं शाळेत गणित शिकवत होत्या. नापास पोरांना पेपर परत देताना जो आवाज लावायच्या, तोच हा आवाज. आणि उद्या तर त्यांचं परतीचं विमान होतं. म्हणजे छाप पाडायला उरला होता तो आजचा दिवस.

"थांबा आई, मी सांगतो," जयदीप खाकरला. तो पोटॅशच्या खाणीत यंत्रांच्या देखभालीला इंजिनिअर होता. "पॉपेट हा व्हॉल्व्हचा एक प्रकार आहे."

"व्हॉल्व्ह?"

"इंजिनात असतो. सारखा वर-खाली होतो."

"बाप्पा! माझ्या नातीला ती नळाची तोटी म्हणते की काय?"

आता इज्जतीचा सवाल झाला. जयदीपनं पोह्यांची ताटली बाजूला सारली, लॅपटॉप उघडला आणि पुढच्या दोन मिनिटांत त्याला जे ज्ञान झालं ते त्यानं मोठ्यानं वाचायला सुरुवात केली. शब्द जुना, पाच-सहाशे वर्षांपूर्वीच्या इंग्रजीतला. छोट्या मुलाला किंवा नाजूक चणीच्या माणसाला म्हणायचे. त्याचं मूळ लॅटिनमध्ये, तिथं त्याचा अर्थ मुलगी, बाहुली. कळसूत्री बाहुलीला पपेट म्हणतात ना, ते याचंच भावंड. इंग्लंडातल्या आज्या अजूनही नातवंडांना पॉपेट म्हणतात.

"म्हणजे बाहुली!" प्रमोदिनीबाईंचा चेहरा खुलला. "अगं, किती गोड! वा जावईबुवा, छान माहिती काढलीत."

चार महिन्यांत पहिल्यांदा 'वा'! माणसानं इथं थांबावं की नाही? शहाण्या माणसानं थांबावंच. जयदीपनं पान आणखी खाली सरकवलं.

"आणि गंमत ऐका आई. पूर्वी चेटूक करणारे लोक ज्याच्यावर करणी करायची त्याची चिंधीची बाहुली करायचे. तिच्यात त्या माणसाचे केस घालायचे, कपड्याचा तुकडा घालायचे आणि टाचण्या टोचायचे. तिलासुद्धा पॉपेटच म्हणायचे! आहे की नाही इंटरेस्टिंग? स्वप्नाली, लाथ का मारतेस?"

प्रमोदिनीबाईंच्या हातातलं लिंबू हातातच राहिलं.

"केस?" त्या म्हणाल्या.

तर, केसांचं असं झालं होतं. पंधरवड्यापूर्वी ऊर्मीचं जावळ काढलं. इथं मामाची मांडी नव्हती, म्हणून जयदीपच्याच मांडीवर बसवून काढलं. जावळाचे केस नदीत सोडायचे म्हणून फेब्रुवारीच्या थंडीत जयदीप पुलावर गेला. नदी गोठलेली. वाऱ्यानं निम्मं जावळ परत आणून त्याच्याच मफलरवर बसवलं. पण त्याआधी, समारंभाला आलेल्या डोरीननं एक बट मागून घेतली होती. यांच्याकडे बाळाच्या पहिल्या केसांची बट आठवण म्हणून जपून ठेवायची पद्धत आहे म्हणे. जयदीपनं ती काढून दिली. (त्याला 'नाही' म्हणता येत नसे. त्याच्या घरी तीन व्हॅक्यूम क्लीनर होते.)

"आणि मागच्या आठवड्यात," प्रमोदिनीबाई एक एक पायरी मांडत निघाल्या, गणितच ते, "तिनं ऊर्मीचा लहान झालेला पिवळा फ्रॉक मागून नेला. मी विचारलं, कशाला? तर नुसती हसली. आणि तिच्या बेसमेंटमध्ये शिलाईचं मशीन आहे. आणि पोरीला परवापासून शिंका येताहेत."

"आई, बाहेर उणे तीस आहे. मलाही शिंका येताहेत," स्वप्नाली म्हणाली.

"हे बघ, माझा असल्या गोष्टींवर काडीचा विश्वास नाही. मी विज्ञानाच्या बाजूची बाई आहे. पण विषाची परीक्षा घ्यायची कशाला? सोमवारपासून पोर त्या बाईकडे ठेवायची नाही. संपलं."

स्वप्नालीचा चेहरा पांढरा पडला. तिची वर्षभराची मॅटर्निटी लीव्ह संपली होती. सोमवारी युनिव्हर्सिटीच्या लॅबमध्ये रुजू व्हायचं होतं आणि ही नोकरी तिनं फार कष्टानं मिळवली होती. डेकेअरच्या वेटिंग लिस्टमध्ये ऊर्मीचा नंबर इतका मागे होता, की तो लागेपर्यंत पोरगी गाडी चालवायला लागली असती. तोवर पोर सांभाळायची सगळी भिस्त डोरीनवर. आणि आजीनं मोडता घातला तर स्वप्नाली काही आईचं मन मोडून पोरीला तिथं ठेवणार नव्हती. तिचा स्वभाव जयदीपला पुरता ठाऊक होता.

"तुझं नेट आणि तुझं तोंड," स्वयंपाकघरात ओढून नेत स्वप्नालीनं त्याला सुनावलं. "आता तूच निस्तर. जा आणि ती बट परत घेऊन ये. आईच्या हातात ठेव. म्हणजे ती निर्धास्त होईल."

"अगं, पण मागू कशी? दिलेले केस परत द्या म्हणून?"

"ते तुझं तू बघ. आणि डोरीनला दुखवलंस तर घरी येऊ नकोस."

मागायचं नाही, दुखवायचं नाही, पण आणायचं. म्हणजे राहिलं काय? चोरी. खानदानात आजवर कुणी केली नव्हती.

जयदीप पार्का, म्हणजे इथला जाडजूड कोट, चढवून डोरीनच्या दारात उभा राहिला. डोरीन सत्तरीची, रिटायर्ड शाळामास्तरीण, एकटीच राहायची. "अरे, ये ये, थंडीत काय उभा राहतोस! चहा टाकते," असं इंग्रजीत म्हणत ती किचनमध्ये गेली. "मी जरा वॉशरूमला जाऊन येतो," असं म्हणत जयदीप सरळ बेसमेंटमध्ये उतरला.

आणि जिन्याच्या शेवटच्या पायरीवरच तो थबकला.

शिलाई मशीनशेजारी एक चिंधीची बाहुली पडली होती. गव्हाळ रंगाची. डोक्यावर काळ्याभोर कुरळ्या केसांची बट, ती ओळखायला डिक्शनरी लागत नव्हती. अंगात पिवळ्या फ्रॉकच्या कापडाचं काहीतरी. आणि खांद्यापासून पायापर्यंत टाचण्याच टाचण्या.

जयदीप इंजिनिअर होता. विवेकवादी होता. गणपतीच्या आरतीतसुद्धा तो फक्त टाळ्या वाजवायचा. पण घाबरायला डिग्री आड येत नाही. वरून डोरीनची हाक आली, तशी त्यानं काहीही विचार न करता ती बाहुली उचलली, पार्क्याच्या आत कोंबली आणि चेन गळ्यापर्यंत ओढली.

"पार्का काढ ना," डोरीन म्हणाली.

"नको, थंडी वाजते," तो म्हणाला. घरात हीटर रणरणत होता.

तो सोफ्यावर बसला, आणि बसताक्षणी उडाला. पोटाशी दहा-बारा टाचण्या एकदम रुतल्या.

"आई गं!"

"काय झालं?"

"काही नाही. आईची आठवण आली."

डोरीनला गहिवरून आलं. तिनं प्रेमानं पुढे होऊन त्याला मिठी मारली. (मिठीचं पुढचं वर्णन करवत नाही. एवढंच सांगतो, की जयदीपच्या डोळ्यांतलं पाणी खरं होतं.) चहा त्यानं दोन घोटांत उभ्यानं संपवला, जीभ भाजून घेतली आणि पाठीला पोक काढत तो घरी पळाला.

प्रमोदिनीबाईंनी बाहुली बघितली आणि कपाळाला हात लावला. "बघितलंस स्वप्नाली? मी म्हणत नव्हते? मरू दे, आधी पोरीच्या अंगातल्या टाचण्या काढू." टेबलावर वर्तमानपत्र पसरून त्या एक एक टाचणी उपसायला लागल्या. प्रत्येक टाचणीला "सुटली गं माझी बाय" म्हणत होत्या. शेजारी बसलेली खरी ऊर्मी खिदळत होती, आणि या टाचणीबरोबर बाही, त्या टाचणीबरोबर काठ, असं करता करता बाहुलीचे सगळे कपडे गळून पडले. मग केसही निघाले. प्रमोदिनीबाईंनी ते मुठीत घट्ट धरले.

तेवढ्यात बेल वाजली. जयदीपनं सवयीनं दार उघडलं. (आधी विचार करून मग दार उघडावं, हे त्याला कुणी शिकवलंच नव्हतं.)

डोरीन होती. चप्पल घालूनच बर्फातून आलेली, रडवेली. "जयदीप, मला वेड लागायची वेळ आलीय. मी एक वस्तू करत होते, ती सापडतच नाही. आज पुरी करायलाच हवी. उद्या तुझ्या सासूबाई निघाल्या ना, त्यांना न्यायला..." बोलता बोलता तिची नजर टेबलावर गेली. वर्तमानपत्रावर तिची बाहुली उघडीवाघडी पडलेली.

प्रमोदिनीबाईंनी वर्तमानपत्राचा कोपरा बाहुलीवर ओढला.

"दोन आठवडे शिवतेय," डोरीन हळू आवाजात म्हणाली. "मला वाटलं, नात इतकी लांब राहणार, आजीला किती चुकल्यासारखं होईल. तर ऊर्मीचाच फ्रॉक, तिचेच केस... म्हणजे तिथंही त्यांची पॉपेट त्यांच्यापाशी राहील. लहानपणी मला माझी आजी पॉपेट म्हणायची. आता मला तसं म्हणणारं कुणी उरलं नाही. मला त्या टाचणीच्या जागांवर शिलाई घालायची होती फक्त."

स्वप्नालीनं भाषांतरासाठी तोंड उघडलं, पण गरज नव्हती. प्रमोदिनीबाईंना सगळं कळलं होतं. त्यांच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहायला लागलं. जन्मात ज्या बाईशी त्या 'हॅलो' आणि 'कोल्ड, कोल्ड' यापलीकडे बोलल्या नव्हत्या, तिच्यापुढे जाऊन त्यांनी मूठ उघडली, केस तिच्या तळहातावर ठेवले आणि अख्ख्या आयुष्यातलं सगळं इंग्रजी गोळा करून म्हणाल्या, "सॉरी. व्हेरी सॉरी. आय गुड लेडी. बट," त्यांनी जयदीपकडे बोट केलं, "ही रीड इंटरनेट."

मग स्वप्नालीनं चेटूक, टाचण्या, चोरी, सगळं सांगितलं. जयदीप भिंतीकडे तोंड करून उभा होता. ऐकता ऐकता डोरीनचे खांदे हलायला लागले. मग ती खुर्चीत बसून इतकी हसली, की तिला पाणी द्यावं लागलं. "चेटकीण! अगं, मी पस्तीस वर्षं सातवीच्या वर्गाला शिकवलंय. त्या मानानं हे फारच सभ्य नाव आहे!"

"सेव्हन्थ?" प्रमोदिनीबाई ताडकन म्हणाल्या. "मी टू! मॅथ्स!"

झालं. दोन मास्तरणी एका टेबलाशी बसल्या. एकीनं सुईत दोरा ओवला, दुसरीनं काठ धरला. डोरीननं कापलेला फ्रॉक बाजूला ठेवून प्रमोदिनीबाईंनी उरलेल्या कापडाचं परकर-पोलकं बेतलं. दोघींना एकमेकींची भाषा येत नव्हती, तरी संध्याकाळपर्यंत एकीनंही तोंड मिटलं नाही. मधूनच प्रमोदिनीबाईंनी डोरीनच्या पाठीवर हात ठेवला आणि "पॉपेट, चहा?" असं विचारलं. डोरीन नुसती मान डोलावत राहिली. सोमवारी सकाळी ऊर्मीनं किती वाजता यायचं, कुठल्या डब्यात भात आणि कुठल्या डब्यात वरण, हेही परस्पर ठरलं. स्वप्नालीनं कपाटातून ऑफिसचे कपडे काढून इस्त्री करायला घेतले.

डोरीन घरी निघायच्या आधी मात्र प्रमोदिनीबाई उठल्या. "माझा विश्वास नाही हं, पण आज पोरीवर फार बोलणं झालं. मीठ-मोहऱ्या घेते." त्यांनी ऊर्मीला पाटावर बसवून दृष्ट काढली. मग स्वप्नालीची काढली, नव्या नोकरीवर चालली ना. मग डोरीनलाही बसवलं. डोरीन डोळे मिटून चर्चमध्ये बसतात तशी बसली. शेवटी बाहुलीवरूनसुद्धा मूठ ओवाळली.

जयदीपला वाटलं, आता आपण. दिवसभरात कमी भोगलंय का? तो स्वतःहून पाटावर येऊन बसला, मांडी घातली, मान खाली घातली.

प्रमोदिनीबाईंनी मूठ मागे घेतली.

"अहो जावईबुवा, उठा," त्या मायेनं म्हणाल्या. "उगाच मीठ वाया जाईल. तुम्हाला हो कोण दृष्ट लावणार?"

स्वप्नालीनं हसू दाबत डोरीनला भाषांतर करून सांगितलं. डोरीननं चष्मा नीट केला, पाटावरच्या जयदीपला वरपासून खालपर्यंत नीट न्याहाळलं आणि अगदी विचारपूर्वक मान हलवली.

"शी हॅज अ पॉइंट, डिअर."