एक जूनचे वैरी लवटे गुरुजी

कुणाचं भावाशी वैर असतं, कुणाचं शेताशेजारच्या बांधकऱ्याशी. आमच्या लवटे गुरुजींचं वैर एक जूनशी होतं.

त्या काळी आमच्या भागात पोराची जन्मतारीख घरात कुणालाच ठाऊक नसायची. पोरगं सहाचं दिसलं की मास्तर 'एक जून' लिहून मोकळे. शाळेचा पट कमी भरत असला, तर लहान पोरालाही सहाचं दाखवायला एखाद-दोन वर्षं आधीची एक जून! अख्खं गाव एकाच दिवशी जन्मल्यासारखं वाटायचं. लवटे गुरुजी मात्र भडकायचे. "एक जूनला काय आभाळातनं पोरं पडत्यात व्हय?"

मी त्यांच्या हाताखाली मास्तर म्हणून रुजू झालो, तेव्हा चहाच्या आधी त्यांनी माझी जन्मतारीख विचारली. मी "एक जून" म्हणालो. त्यांनी कपबशी खाली ठेवली. "म्हंजे ठाऊक न्हाय. घरी गेलं की आईला इचारून या." मी गेलो, विचारलं, आईनं मलाच वेड्यात काढलं.

त्याच जूनमध्ये कळंबच्या वाटेवरच्या वस्तीतली एक बाई पोरीला घेऊन आली. "बेंदराच्या दुसऱ्या दिशी झाली बगा. वस्तीवर लाइट आली त्या साली." दुसऱ्या कुणी मान डोलावून एक जून लिहिली असती. गुरुजींनी सायकल काढली. वस्तीवर जाऊन वीजमीटर बसवल्याचा कागद पाहिला, त्या सालच्या पंचांगात बेंदराच्या सणाची तारीख शोधली आणि शेवटी सुईणीला गाठलं. ती बिचारी वैतागली. "गुरुजी, साळंत नाव घालताय का पत्रिका काडताय?" एवढं करून त्यांनी तारीख लिहिली. प्रवेशाच्या अर्जावर आईचा अंगठा घेतला आणि मागे सगळी हकिगत लिहून मीटरच्या कागदाची नक्कल टाचणीनं लावली. मला हसू आवरेना. एका पोरीच्या तारखेला तीन दिवस घालवणारा माणूस मी तरी पाहिला नव्हता.

नऊ वर्षांनी गुरुजींना बारामतीच्या कोर्टाचं समन्स आलं. त्याच पोरीवर अत्याचार झाला होता. तिची मर्जी होती, असं आरोपीचं म्हणणं. तेव्हाच्या कायद्यानं मुलगी सोळाच्या आतली ठरली, तर मर्जीचा सवालच उरत नव्हता. त्यामुळे सगळी केस वयावर येऊन बसली. डॉक्टरांनी हाडांच्या एक्स-रेवरून वय सोळाच्या आसपास सांगितलं, दोन वर्षं इकडं किंवा तिकडं. जन्माची नोंद कुठंच नव्हती. उरलं आमच्या शाळेचं रजिस्टर.

मी रजिस्टर काखेत मारून सोबत गेलो. आरोपीच्या वकिलांनी गोड आवाजात विचारलं, "गुरुजी, खेड्यातल्या शाळांत तारखा अंदाजानंच लिहितात ना?"

"व्हय," गुरुजी म्हणाले.

"पर ही न्हाय," असं म्हणून त्यांनी पिशवीतून तो अर्ज काढला.

वकील तो चाळून हसले. "बैलांच्या सणावरून तुम्ही माणसाचं वय ठरवता?"

"सण बैलांचा असंल साहेब, पर पंचांग माणसंच छापत्यात."

न्यायाधीशांनाही हसू फुटलं. मग त्यांनी अर्ज मागून घेतला आणि मागची हकिगत सावकाश वाचली. बाहेर व्हरांड्यात मायलेकी खाली मान घालून बसल्या होत्या. गुरुजी त्यांच्यापाशी थांबले आणि आईला म्हणाले, "तुमी सांगितलेलं समदं कोर्टाला दावलंय, बाई."

पुढं निकाल लागला. कोर्टानं रजिस्टरातली तारीख धरली. घटनेच्या दिवशी पोरगी पंधराचीही नव्हती. आरोपीला शिक्षा झाली. मी बातमी घेऊन धावतच शाळेत आलो. पोरं घरी गेली होती. गुरुजी ओट्यावर एकटेच बसले होते.

"गुरुजी, जिंकलात!"

ते हसले नाहीत.

"मास्तर, हिच्या आदी एक हुती," ते म्हणाले. "माज्या पयल्या साळंत. पट भरत नव्हता, म्हनून मी तिला दोन वर्सं आदीची एक जून लिवली. पुढं तिचीबी अशीच केस झाली. कोर्टानं माजंच रजिस्टर खरं मानलं. पोरगी सतराची ठरली आन् त्यो सुटला."

मी त्यांच्याशेजारी ओट्यावर बसलो.

"मग तिच्या आईकडं गेलो. दोन दिस बसून खरी तारीख काडली. पंधरावं सरलं नव्हतं तिचं." गुरुजींनी मान वर केली. "तारीख तोंडपाठ हाय मला, मास्तर. आता ती कुठं लिवू?"

मला रडू आलं. मी त्यांचा हात धरला आणि त्यांच्याजवळ तसाच बसून राहिलो.